हबशी वजिराचा शिपाई

मरजान याकूत पहिल्यांदा पडद्यावर आला तो बाटलीतून. आधी धूर आला, धूर विरला आणि कमरेला लाल फडकं गुंडाळलेला एक धिप्पाड सिद्दी हात बांधून नायकासमोर वाकला. मूकपटाचे दिवस होते. पडद्यावर अक्षरं उमटली, 'हुकूम, मालिक', आणि ग्रँट रोडच्या थेटरात पुढच्या बाकांवर टाळ्यांचा पाऊस पडला. ज्यांना वाचता येत नव्हतं त्यांनीही टाळ्या पिटल्या. जिन्न काय म्हणणार हे कुणाला सांगावं लागत नाही.

त्याआधी मरजान गोदीत कोळसा वाहायचा. डोंगरीतल्या सिद्दी वस्तीतले निम्मे पुरुष गोदीत आणि उरलेले आगबोटींच्या भट्ट्यांवर, असा तो काळ. त्याचा बाप भट्टीपुढेच गेला, एडनच्या अलीकडे कुठेतरी, आणि बोटीवरच्या लोकांनी त्याला समुद्रात सोडलं. एकदा सिद्दींचा पीर बाबा गोर याच्या उरसाला चिल्ल्यासमोर, म्हणजे त्याच्या छोट्या दर्ग्यासमोर, धमालचा नाच रंगला होता, ढोल तापले होते, आणि मरजान नाचता नाचता नारळ उंच उडवून डोक्यावर फोडत होता. गर्दीत एका स्टुडिओचा माणूस उभा होता. त्याने मरजानची उंची डोळ्यांनी मोजली, छाती मोजली, आणि नाच संपल्यावर पुढे येऊन विचारलं, सिनेमात येतोस का?

पुढची काही वर्षं मरजानने मरण्यात घालवली. जल्लाद झाला आणि मेला, राक्षस झाला आणि मेला, नायिकेला खांद्यावर टाकून किल्ल्याच्या तटावर चढला आणि तिथून खाली पडून मेला. तो पडायचा सुरेख. ताठ उभं झाड करवतीने कापल्यावर जसं आधी क्षणभर विचार करतं आणि मग जातं, तसा. त्याच्याएवढा माणूस पाडला की नायकाची छाती आपोआप रुंद दिसते हे नायकांना कळत होतं, म्हणून त्याला काम मिळत होतं. संध्याकाळी घरी आला की हलीमा, त्याची बायको, चुलीपुढून मान वर न करता विचारायची, "काय मियाँ, आज कुणी मारलं?" आणि तो तितक्याच गंभीरपणे नाव सांगायचा. कधी कधी ती त्या नायकाची तब्येत आठवून खो खो हसायची. हलीमा चिल्ल्यावर ढोल वाजवणाऱ्या घराण्यातली. तिच्या हातात जोर होता आणि जिभेला धार होती.

मग बोलपट आले. स्टुडिओत घबराट उडाली. कित्येक देखण्या नायकांचे आवाज चिमणीसारखे निघाले, कित्येक नायिकांना हिंदुस्तानीचा एक शब्द धड येईना, आणि बघता बघता मोठमोठी माणसं घरी बसली. मरजान मात्र खूश होता. मुहर्रमच्या दिवसांत इमामवाड्यासमोर उभं राहून मर्सिये, ती करबल्याची शोकगीतं, ऐकत तो लहानाचा मोठा झालेला. आवाज बापाकडून आलेला, बोटीच्या पोटातून वर ऐकू जाईल असा. हलीमाला तो म्हणाला की इतकी वर्षं माझं अंग बघितलं लोकांनी, आता ऐकतील.

त्याचा पहिला बोलपट जंगलातला होता. दिग्दर्शक रुस्तम दुबाश, पारशी नाटकातून आलेला, मनाने वाईट नव्हता, पण घाईत असलेला माणूस. मरजान नरभक्षकांचा राजा होता. नायक-नायिकेला झाडाला बांधलेलं, बाजूला काजळ फासलेले एक्स्ट्रा भाले घेऊन उड्या मारतायत, वर मायक्रोफोन टांगलेला. मरजानने आपलं वाक्य काय म्हणून विचारलं. दुबाश म्हणाला, वाक्य कसलं, आवाज काढ. हुगा-बुगा, गाबा-गाबा, तोंडाला येईल ते.

"ही कुठली भाषा, साहेब?"

"तुम्हा लोकांची. हबशांची."

"माझी भाषा ही," मरजान म्हणाला. "आत्ता बोलतोय ती."

दुबाशने ते ऐकून न ऐकल्यासारखं केलं आणि कॅमेरा सुरू करायला सांगितलं. मरजान सिंहासनावरून उठला, दोन पावलं पुढे आला आणि इमामवाड्यातल्या आवाजात म्हणाला, "या दोघांना कैद करा. आणि यांच्या केसालाही धक्का लागता कामा नये." काजळ फासलेले एक्स्ट्रा उड्या मारायचे थांबले. झाडाला बांधलेली नायिका हसली. दुबाशने कॅमेरा थांबवला, आरडाओरडा केला, फिल्म फुकट गेली म्हणून कपाळ बडवलं आणि पुन्हा घेतलं. मरजान पुन्हा तेच बोलला, पहिल्यापेक्षा सावकाश. तिसऱ्यांदा घ्यायची वेळ आली तेव्हा दुबाशने त्याच्या डोक्यावरचा पिसांचा मुकुट स्वतःच्या हाताने काढला, दुसऱ्याच्या डोक्यावर ठेवला आणि याला घरी जायला सांगितलं.

मरजान घरी आला. हलीमाने विचारलं, आज कुणी मारलं? तो म्हणाला, आज मी नाही मेलो. मग सगळं सांगितलं. ऐकून ती म्हणाली की कोळशाची टोपली माळ्यावरून काढून ठेवते. तिने काढूनही ठेवली. एका शब्दाने टोचलं नाही, आणि तिच्यासारख्या बाईने न टोचणं ही काही लहान गोष्ट नव्हती.

दोनेक वर्षं तो पुन्हा गोदीत होता. तिथून त्याला बाहेर काढलं ते मुन्शी नज्मींनी. नज्मी बरेलीचे, संवाद लिहायचे, पानाचे शौकीन, आणि त्या जंगलाच्या सेटवर कोपऱ्यात बसलेले. नरभक्षकांच्या राजाने अस्सल दरबारी थाटात हुकूम सोडला हा किस्सा ते प्रत्येक स्टुडिओत रंगवून सांगत. सांगायचे विनोद म्हणून. पण एका निर्मात्याने हसून झाल्यावर विचारलं की आवाज खरंच तसा आहे का, आणि मरजानला जल्लादाचं काम मिळालं. एक वाक्य होतं. ते त्याने असं म्हटलं की नायकापेक्षा जल्लादाचीच लोकांना कीव आली.

त्यानंतर कामं येत राहिली. तुरुंगाचा दारोगा, खजिन्याचा पहारेकरी, राणीचा विश्वासू गुलाम, एकदा गलबताचा नाखवा. एक वाक्य, दोन वाक्यं, कधी चार. मार खायला त्याची ना नव्हती, मरायलाही नव्हती. पण नाकात हाडूक घालायला सांगितलं की तो उठायचा, कच्चं मांस तोडायला सांगितलं की उठायचा, आणि गाबा-गाबा म्हणायला सांगितलं तर उठण्याआधी एकदा हसायचा. जाहिरातीत त्याचं नाव कधीच येत नसे. 'आणि एक हबशी' एवढंच येई. याचं त्याला काय वाटतं हे त्याने कुणाला सांगितलं नाही. हलीमाने मात्र ओळखलं होतं, कारण चित्रपटाची सुरुवातीची नावं पडद्यावर यायला लागली की तो पान खायच्या निमित्ताने बाहेर जायचा.

जर्मनीशी लढाई सुरू व्हायच्या सुमाराला शेठ वाडीलाल कपासींनी मोठा ऐतिहासिक चित्रपट काढायचं ठरवलं. नाव 'हबशी वजीर'. लहानपणी बाजारात विकला गेलेला एक हबशी मुलगा दख्खनमध्ये येतो, शिपाई होतो, सरदार होतो, वजीर होतो आणि दिल्लीच्या फौजेला वर्षानुवर्षं घाम फोडतो. ही कथा डोंगरीत सगळ्यांना पाठ होती, म्हाताऱ्या बाया ती मुलांना झोपवताना सांगत. संवाद नज्मींचे होते. ते स्वतः डोंगरीत येऊन मरजानला सांगून गेले की लिहिताना माझ्या कानात तुझाच आवाज होता. मरजान तेव्हा पंचेचाळिशीला आलेला, कानशिलावर पांढरं दिसू लागलेलं, वजिरासाठी अगदी बेताचं वय. हलीमाने त्याचा पांढरा अंगरखा धुऊन, नीळ देऊन ठेवला.

शेठने त्याला बोलावलं ते पेढीवर. बोलणं गोड होतं. वजिराचं काम उदयराज करणार होता, लाहोरचा गोरापान, ज्याच्या नावावर थेटरं भरत. रंग लावता येतो, शेठ म्हणाले. रंगाचं काय मोठंसं. मरजानसाठी वजिरामागे छत्री धरायचं काम होतं, पूर्ण चित्रपटभर, प्रत्येक दरबारात. शिवाय वजिराच्या फौजेसाठी खरे सिद्दी हवे होते, पन्नास-साठ जण, ते मरजाननेच आणावेत.

विचार करून सांगतो म्हणून तो घरी आला. गोदीत त्या वर्षी काम मंद होतं आणि वस्तीत बऱ्याच घरी पुरुष दिवसभर ओट्यावर बसलेले दिसत. हलीमाला विचारलं तर ती म्हणाली, "तुमच्या एकट्याचं असतं तर मी म्हटलं असतं थुंका. पण हे साठ घरांचं आहे." म्हणून तो हो म्हणाला.

पहिल्या दिवशी रंगवायच्या खोलीत उदयराज आरशापुढे बसला होता. रंगवणाऱ्याने तीन-चार डब्यांतून काळा-तपकिरी रंग कालवला, आणि जमेना तेव्हा मरजानला हाक मारून शेजारी बसवलं. मग तो बोट रंगात बुडवायचा, मरजानच्या गालाजवळ धरून बघायचा आणि उदयराजच्या गालाला लावायचा. "अजून जरा काळा हवा," तो पुटपुटायचा. मरजान कापडाच्या दुकानातल्या नमुन्याच्या तुकड्यासारखा बसून राहिला. आरशात दोघांची नजर एकदा भिडली तेव्हा उदयराजनेच आधी डोळे वळवले. तो माणूस कोडगा नव्हता. नंतर त्याने छत्रीखाली उभं राहून हळूच विचारलंही, तुला राग आला असेल. मरजान म्हणाला, "तुम्ही सरळ उभे राहा. वजीर असा खांदे पाडून उभा राहत नाही."

सगळं बिनसलं ते चित्रपटातल्या लढाईच्या आदल्या दिवसाच्या प्रसंगात. चित्रीकरण दादरच्या स्टुडिओमागच्या मैदानात, भर दुपारी. भाड्याचे हत्ती-घोडे आणले होते, तंबू ठोकले होते, ऊन वाढवायला चकचकीत पत्रे लावले होते. डोंगरीचे साठ जण चिलखतं घालून, भाले घेऊन रांगेत उभे. त्यांच्यासमोर वजीर भाषण करणार. दिग्दर्शक दुबाशच होता, आता केस पिकलेला. उदयराजने भाषण चांगलं म्हटलं. घामाने त्याच्या मानेवरचा रंग ओघळून पांढऱ्या गळपट्टीवर उतरला, ती बदलून पुन्हा घेतलं. भाषण संपलं की फौजेने उत्तर द्यायचं होतं. काय उत्तर, असं मरजानने विचारलं, कारण वजिराच्या मागे छत्री धरून उभा असला तरी माणसं त्याची होती.

दुबाश टोपीने वारा घेत म्हणाला, काय ते रानटी ओरडायचं, भाले नाचवत. हुगा-हुगा. मजा येईल.

मरजानने छत्री मिटली. ती मोठी, जरीची छत्री होती. त्याने ती नीट गुंडाळली आणि उदयराजच्या हातात दिली. मग वजिराला वळसा घालून पुढे आला आणि रांगेसमोर उभा राहिला.

"दख्खनच्या फौजेत हे लोक होते," तो दुबाशला म्हणाला, "तेव्हा ते दख्खनचीच भाषा बोलत होते. तुमच्याकडे यांच्यासाठी एक वाक्य नाही?"

दुबाश म्हणाला, वेळ नाही, हत्ती संध्याकाळी परत जायचेत. मरजानने मान डोलावली, जणू हत्तींची अडचण त्याला पटली. मग साठ जणांकडे बघून एवढंच म्हणाला, "चला."

ते निघाले. चिलखतासकट, भाल्यासकट. दरवानाने फाटक लावायला घेतलं, पण समोरून साठ भाले येताना पाहून त्याचा विचार बदलला. यायला लॉऱ्या होत्या, जायला पाय. परळच्या रस्त्याला लागल्यावर कुणीतरी सेटवरचा नगारा उचलून आणल्याचं लक्षात आलं, आणि आणलाच आहे तर वाजवायला काय हरकत, म्हणून तो वाजू लागला. उरसाची चाल लागली. लालबागला गिरण्यांच्या फाटकांशी माणसं गोळा झाली, ट्राम थांबली, ट्रामवाला खाली उतरून बघत राहिला. एका पोलीस हवालदाराने हे काय म्हणून विचारलं तर पहिल्या रांगेतल्या जौहरचाचांनी सांगितलं, दख्खनची फौज आहे, घरी चाललीय. त्याने वाट मोकळी केली. भायखळ्याला पोचेपर्यंत मागे इतकी माणसं लागली की फौज कुठे संपते आणि बघे कुठे सुरू होतात ते कळेना. मरजान सर्वांत पुढे होता. तो नाचला-गायला काही नाही, नुसता चालला, आणि पडद्यावर इतकी वर्षं वाकलेला तो माणूस रस्त्यावर किती उंच दिसतो हे पहिल्यांदाच लोकांच्या ध्यानात आलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी शेठ स्वतः मोटारीने डोंगरीत आले. गल्लीत मोटार शिरेना म्हणून चालत आले. हलीमाने त्यांना खाटेवर बसवलं, चहा दिला आणि दारातच उंबऱ्यावर ठाण मांडलं. शेठ भाले मागायला आले होते. भाले आणि चिलखतं स्टुडिओची होती, ती नेणं म्हणजे चोरी, पोलिसात जाता येईल, असं सगळं त्यांनी चहा पिता पिता सौम्यपणे सांगितलं. मरजानने कोपऱ्याकडे हात केला. भाले तिथे मोळी बांधून, चिलखतं घड्या घालून तयार होती. शेठ बुचकळ्यात पडले. त्यांना वाटलं होतं तो घासाघीस करेल.

मग त्यांनीच विचारलं की तुला हवंय काय.

"फौजेला वाक्य," मरजान म्हणाला. "एका म्हाताऱ्या शिपायाला वजिरासमोर चार शब्द बोलायचे आहेत. तो शिपाई मी. आणि सुरुवातीला पडद्यावर माझं नाव."

"नाव कशाला, भाई? लोक नाव बघायला येत नाहीत."

"मग द्यायला तुमचं काय जातं?"

वाक्याचं बघू, शेठ म्हणाले, नाव जमणार नाही. आज एकाचं दिलं तर उद्या प्रत्येक छत्रीवाला मागेल. "मग भाले घेऊन जा," मरजान म्हणाला, आणि ते न्यायला त्याने स्वतः मदत केली. मोटारीत भाले मावेनात. अर्धे खिडकीबाहेर काढून शेठ परत गेले, तेव्हा हलीमा उंबऱ्यावरून उठून म्हणाली, "फौज जिंकून आली की हरून, ते तरी सांगा." तो म्हणाला, अजून लढाई चाललीय.

तिकडे दुबाशने स्टुडिओतल्या झाडूवाल्यांपासून सुतारांपर्यंत जो मिळेल त्याला काळं फासून उभं केलं. उन्हात पत्र्यांची तिरीप पडल्यावर फौज वितळली. कुणाचं नाक पांढरं, कुणाचे कान पांढरे, आणि घोड्यांच्या पाठी काळ्या. ती फौज पाहून उदयराज एका हत्तीच्या सावलीत जाऊन बसला आणि म्हणाला की या लोकांसमोर मी भाषण करणार नाही, मला हसू येतं. हत्ती उभे होते, तंबू उभे होते, दिवस जात होते. चौथ्या दिवशी मुन्शी नज्मी पान चघळत डोंगरीत आले आणि शेठ तयार आहेत म्हणाले. नावासकट. सोबत त्यांनी म्हाताऱ्या शिपायाचं भाषण लिहून आणलं होतं. धन्याच्या मिठाला जागण्याबद्दल होतं, भाषा फार सुरेख. मरजानने ते आदराने ऐकलं, पाठ केलं.

त्या दुपारी मैदानात साठही जण पुन्हा रांगेत उभे होते, तेव्हा तो रांगेतून बाहेर आला आणि वजिरासमोर उभा राहिला. कॅमेरा फिरत होता. नज्मींचं पहिलं वाक्य 'हुजूर' असं सुरू होत होतं. मरजानने 'हुजूर' म्हटलं, आणि मग थांबला. पुढे तो जे बोलला ते कुणी लिहिलेलं नव्हतं.

"हुजूर, माझं नाव मरजान. म्हणजे पोवळं. हा शेजारचा याकूत, माणिक. तो अलमास, हिरा. ते जौहरचाचा, रत्न. ही नावं आमच्या आयांनी नाही ठेवली. आम्हांला ज्यांनी विकलं त्यांनी ठेवली. मालाला मालाचं नाव. आया काय हाक मारायच्या ते आम्हांला आठवत नाही. पण उद्या आमच्यातला जो पडेल, त्याला याच नावाने हाक मारा. ही नावं आता आमची आहेत. आम्ही ती घालून लढलो, ती कुणाच्या पेटीत परत जाणार नाहीत."

मग साठ जणांनी भाले जमिनीवर एकदाच आपटले आणि प्रत्येकाने आपापलं नाव घेतलं. ते ठरलेलं होतं की नाही हे नंतर कुणालाच सांगता येईना. वजिराने यावर 'शाबास' म्हणायचं होतं. उदयराजने तोंड उघडलं, मिटलं, आणि मान खाली घातली. दुबाशने कॅमेरा थांबवला नाही. थांबवायला हात वर केला होता, तो तसाच राहिला. नंतर तो सगळ्यांना सांगत असे की उदयराजने जन्मात तेवढा एकदाच अभिनय केला. उदयराज म्हणे, मी वाक्य विसरलो होतो.

चित्रपट ग्रँट रोडला लागला तेव्हा पहिल्या दिवशी अर्धी डोंगरी थेटरात होती. मरजान या वेळी पान खायला बाहेर गेला नाही. नावं यायला लागली. उदयराजचं मोठं, मग नायिकेचं, मग इतरांची, आणि खाली डाव्या बाजूला 'मरजान याकूत'. हलीमाला वाचता येत नव्हतं, पण बायकांच्या बाकांवर तिच्या भोवतीच्या सगळ्या एकदम ओरडल्या त्यावरून तिला कळलं. पहिल्या प्रसंगातला एकही शब्द कुणाला ऐकू आला नाही.

मग तो प्रसंग आला. म्हातारा शिपाई पुढे आला, नावं सांगितली, पोवळं, माणिक, हिरा, आणि "ज्यांनी विकलं त्यांनी ठेवली" म्हणाला. तेवढ्यात चित्र हललं आणि पडद्यावर एकदम मान खाली घातलेला उदयराज आला. पुढचं भाषण नव्हतं. भाल्यांचा आवाज नव्हता, साठ नावं नव्हती. शेठने कापलं होतं. नंतर कळलं की लांब वाटलं, असं वितरकाचं म्हणणं पडलं.

मरजान जागच्या जागी बसून राहिला. कापलेल्या फिल्मशी भांडायचं कसं ते त्याला कळेना. शेठच्या पेढीवर जाऊन तो बोलून आला, शेठने हात जोडले, आता प्रती निघाल्या म्हणाले. त्याने डोंगरीत कुणाला काही सांगितलं नाही. पण हलीमा गप्प बसणारी नव्हती. ती दुसऱ्या आठवड्यात शेजारणींना घेऊन पुन्हा थेटरात गेली. पडद्यावरचा मरजान "त्यांनी ठेवली" म्हणून तुटला, उदयराजची मान खाली गेली, आणि बायकांच्या बाकांतून हलीमाचा खणखणीत आवाज उठला, "मालाला मालाचं नाव!" ती उभी राहून उरलेलं भाषण शेवटपर्यंत बोलली. तिला ते पाठ होतं, कारण त्या दुपारनंतर मरजानने घरी ते इतक्या वेळा म्हटलं होतं की भिंतींनाही पाठ झालं असावं. थेटरात थोडी हुर्यो झाली. मग मागच्या बाकांवरून कुणीतरी टाळी वाजवली.

त्यानंतर तो चित्रपट जितके दिवस तिथे चालला तितके दिवस डोंगरीतलं कुणी ना कुणी त्या प्रसंगाला उभं राहायचं. कधी गोदीचे हमाल, कधी बाया, कधी जौहरचाचा काठी टेकत. भाषण पुरं व्हायचं, मग ते भाल्यांऐवजी बाकांवर मुठी आपटायचे आणि आपापली नावं घ्यायचे. थेटरवाल्याने एकदोनदा माणसं बाहेर काढली. पण तिकिटं खपतायत आणि काही लोक हेच ऐकायला येतायत हे दिसल्यावर त्यानेही तो नाद सोडला. उदयराज एकदा टोपी डोळ्यांवर ओढून मागच्या बाकावर येऊन बसला होता, असं म्हणतात. वर्तमानपत्रांनी त्याची वारेमाप स्तुती केली. रंग अगदी हुबेहूब लावला होता, असंही लिहिलं.

कपासी शेठनी मरजानला पुन्हा बोलावलं नाही, आणि त्यांच्या ओळखीच्या दोघातिघांनीही. पण ज्यांनी बोलावलं ते जाणून बोलावत. याला घ्यायचं तर आधी वाक्य लिहून ठेवा, असं ते मुन्शींना बजावत. लढाई संपली, स्वातंत्र्य आलं, लाहोरचे कितीजण इकडे आले, इकडचे कितीजण तिकडे गेले. नज्मी कराचीला गेले आणि जाताना मरजानच्या गळ्यात पडून रडले. मरजान डोंगरीतच राहिला. नाव कधी यायचं, कधी गाळलं जायचं. गाळलं की तो दुसऱ्या दिवशी पेढीवर हजर. म्हातारा झाला तरी ही सवय गेली नाही.

तो साठीच्या पुढे गेल्यावर एका नव्या दिग्दर्शकाने त्याला काजीचं काम दिलं. हबशी काजी नव्हे, नुसता काजी. कथेत त्याच्या रंगाबद्दल एक अक्षर नव्हतं. पांढरी दाढी, हिरवी शाल, उंच बैठक, आणि समोर नवाब, व्यापारी, नायक, खलनायक, सगळे हात बांधून उभे. हलीमा आयुष्यात कधी चित्रीकरण बघायला गेली नव्हती. त्या दिवशी ती गेली आणि दिव्यांच्या मागे एका खोक्यावर बसली. मरजानने दोन्ही बाजू ऐकल्या, दाढीवरून हात फिरवला आणि निकाल दिला. एका टेकमध्ये झालं. दिवे मालवले, लोक चहाला गेले, नवाब आणि व्यापारी विड्या पेटवून बाहेर उभे राहिले.

मरजान बैठकीवरून उठला नाही. हलीमा जवळ आली आणि म्हणाली, "चला आता, संपलं."

"बस जरा इथे," तो म्हणाला आणि बाजूला सरकून तिला बैठकीवर जागा करून दिली. तिने आजूबाजूला पाहिलं, लुगड्याचा पदर सावरला आणि वर चढून त्याच्याशेजारी बसली. सामान हलवायला आलेल्या माणसांनी बैठक उचलायची आहे म्हणून सांगितलं.

"उचला की," मरजान म्हणाला. "आम्ही उठल्यावर."